हवालदाराची मराठी

परवा संध्याकाळी आमच्या सांगलीच्या घराच्या जिन्यावरून शेजारची कॉलेजात जाणारी मुलगी ओरडली, "काकू, मी आलो." कोल्हापूरकडच्या आणि आताशा आमच्या इकडच्याही मुली असंच बोलतात. आलो, गेलो, जेवलो. कुणाला त्यात काही वाटत नाही. मी मात्र हातातलं निवडायचं ताट खाली ठेवलं. मला मा तिन आठवली.

मा तिन हे तिचं नाव. त्यातलं मा म्हणजे ताई किंवा बाई, खरं नाव नुसतं तिन. आडनाव नाही आणि मधे बापाचं नावही नाही. बरम्यात, म्हणजे ब्रह्मदेशात, आडनाव नसतंच, असं ती सांगायची, तेव्हा गावचे तलाठी तिच्याकडं असे बघायचे, की हिनं ते कुठंतरी लपवून ठेवलंय. बाप तिला तिन्या म्हणायचा. गाव बरमीण म्हणायचं. गाव सोडल्यावर ती परत कधी आली नाही, आणि तिचं पुढं काय झालं ते मला ठाऊक नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे शेवटी काहीतरी कळेल म्हणून कुणी वाट बघत बसायला नको.

मी मूळची साताऱ्याची. कराडच्या खाली, कृष्णेकाठच्या एका गावात बोर्डाच्या मुलींच्या शाळेवर माझी नेमणूक झाली होती. गावाचं नाव सांगत नाही, कारण माणसं अजून आहेत आणि त्यांची नातवंडं वाचतात. तिथं सोनाबाईच्या घराची पुढची खोली मी भाड्यानं घेतली होती. सोनाबाईचा नवरा लग्नानंतर थोड्याच दिवसांत पलटणीबरोबर बरम्यात गेला, हवालदार होऊन सुटला आणि तिकडंच मोलमीन गावात लाकडाच्या वखारीवर पहारेकरी म्हणून राहिला. मधे एकदा येऊन गेला. पुढं त्यानं तिकडं दुसरं घर केल्याची बातमी आली. सोनाबाईनं ती ऐकून घेतली, जमीन वाट्यानं लावली आणि आपलं चालवलं. मूलबाळ नव्हतं. "हाय तिकडं सुखी हाय," एवढंच ती म्हणायची, आणि म्हणताना चुलीतलं लाकूड जरा जोरानं आत सारायची.

बेचाळीसचा उन्हाळा होता. जपान बरम्यात शिरला होता आणि तिकडची आपली माणसं जंगलांतून, डोंगरांतून चालत परत येत होती. ते दिवसच संशयाचे होते. पुढं तर इतकं वाढलं, की पोलीस गावावर संशय घेत, गाव पोलिसांवर, आणि अनोळखी माणूस दिसला की दोघं मिळून त्याच्यावर. अशात एका दुपारी हवालदार गावात येऊन उभा राहिला. अंगात ताप, डोळे पिवळे, गालांची हाडं वर आलेली. त्याच्यामागं बापाचा खाकी सदरा आणि खाली लुंगी घातलेलं एक चौदा-पंधरा वर्षांचं पोर होतं. डोक्यावरचे केस तापात काढलेले, नुकते बोटभर वाढलेले. नाक बसकं, डोळे बारीक, चेहरा कोरडा.

अर्धं गाव दारात जमलं. सोनाबाई उंबऱ्यावर उभी. मग ते पोर पुढं झालं, हात जोडले आणि खणखणीत आवाजात म्हणालं, "राम राम. मी आलो. लय दमलो गड्या, पाणी दे."

सोनाबाईनं नवऱ्याकडं बघितलं. "ही कोण?"

"पोरगी हाय माजी."

"आन हिची आई?"

हवालदारानं डोक्याचा रुमाल काढून तोंड पुसलं. "ती वर गेली," तो म्हणाला.

सोनाबाई उंबऱ्यावरून बाजूला झाली. एवढ्याचीच ती वाट बघत होती की काय, असं मला त्या वेळी वाटून गेलं. पोरगी दारातच तांब्याला तोंड लावून पाणी प्यायली. "आई मेली तरी डोळ्यात टिपूस न्हाई बगा," माझ्यामागून एक बाई पुटपुटली, आणि दोघी-तिघींनी माना हलवल्या.

संध्याकाळपर्यंत गावात निराळीच बातमी. ती पोरगी नाहीच, जपानी शिपाई आहे. बाईच्या सोंगात आणलाय, हवालदार फितूर झालाय. पुरावा काय, तर ती आलो म्हणते, दमलो म्हणते. पाटील चौकशीला आले. पटका बांधून, मिशीला पीळ देऊन आले होते.

"नाव काय तुजं?"

"तिन."

"गडी का बाई?"

"पोरगी हाय मी. तू कोण रं?"

पाटलांना रं म्हणणारं माणूस गावात त्यांच्या आईनंतर कुणी उरलं नव्हतं. त्यांचा संशय पक्का झाला. तेवढ्यात सोनाबाईनं पोरीचा दंड धरला, न्हाणीत नेली, दार लावून घेतलं आणि डोक्यावरून पाणी घातलं. बाहेर आली ती पदराला हात पुसत. "पोरगीच हाय. जावा आता घरला," असं तिनं पाटलांसकट सगळ्यांना सांगितलं. तेवढ्यानं गाव घरी गेलं, पण संशय काही दारातून हलला नाही.

गोष्ट साधी होती. तिची आई बरमी. ती नवऱ्याशी मोडक्या हिंदुस्थानीत बोलायची, पोरीशी बरमीत. मराठी त्या घरात फक्त बाप आणि लेक यांच्यात चालायची. मराठी बोलणारी बाई तिनं जन्मात बघितली नव्हती, मग बाईमाणसाची मराठी वेगळी असते हे तिला कळणार कुठून? बाप जसा बोलतो तशी भाषा असते, असं धरून ती वाढली. ती उठलो म्हणायची, न्हालो म्हणायची, शिंकली तरी हवालदारासारखी आई-माईवरून एक शिवी घालायची. पहाटे सोनाबाईला हलवायची, "ऊठ गड्या, उजाडलं." आणि सोनाबाईला हाक काय मारायची, तर हवालदार मारायचा तीच. "अगं, ऐकतीस का?" नवऱ्यानं बायकोला मारायची हाक ही. बायका पदरात तोंड घालून हसत. मी एकदा तिला म्हटलं, तिन, तिला आई म्हणत जा. तिनं माझ्याकडं रोखून बघितलं. "आई हाय माझी," ती म्हणाली. पोरीची माया अजून सुटली नाही, एवढाच अर्थ मी घेतला.

तिच्या अंगातला संशय गावाहून कमी नव्हता, किंबहुना एक कांकणभर जास्तच होता. त्याचं तिच्याकडं शास्त्र होतं. बरम्यात म्हणे नाव ठेवतात ते जन्मवारावरून. क नं सुरू होणारं सोमवारचं, स नं मंगळवारचं, त नं शनिवारचं, प, ब, म ही गुरुवारची अक्षरं. आपल्याकडं नावरस असतो, तसंच काहीसं. प्रत्येक वाराला एक जनावर नेमलेलं. सोमवारचा वाघ, मंगळवारचा सिंह, गुरुवारचा उंदीर, शनिवारचा नाग. कुणाचं कुणाशी जमतं, कुणाचं वैर, हेही ठरलेलं. त्यामुळं कुणी नवीन माणूस भेटलं, की तिचा पहिला प्रश्न, "तुजा वार कंचा?" उत्तर नाही मिळालं तर नावाच्या अक्षरावरून ती स्वतःच ठरवून मोकळी. स्वतः ती शनिवारची, नाग. माझं नाव मालती. "तू उंदीर हाईस, बाई," तिनं मला पहिल्याच आठवड्यात सांगितलं. "माझं तुझं जमायचं न्हाई." पुढं कितीतरी दिवस ती माझ्या खोलीत आली तर दाराशीच बसायची. सोनाबाई मंगळवारची, सिंहीण. तिच्यापासून तर जपूनच राहायला हवं. जेवताना सोनाबाईनं कालवणाचा घास घेतला, की मग ही आपल्या भाकरीला हात लावायची. सोनाबाईच्या ते ध्यानात आलं.

"मी काय इख घालती व्हय गं तुला?"

"मला ठावं न्हाई," पोरगी म्हणाली.

तिचं उत्तर खरं होतं, म्हणूनच ते सोनाबाईला जास्त लागलं असावं. दुसऱ्या दिवशीपासून ती मुद्दाम वाट बघायला लावायची. ताट वाढून ठेवायचं आणि आपण जात्याशी काहीतरी करत बसायचं. भुकेली पोर ताटाकडं आणि तिच्याकडं आळीपाळीनं बघत बसे. हवालदार जोत्यावर बसून हे बघायचा आणि काही बोलायचा नाही. तो माणूसच कमी बोलायचा.

आता वार विचारायचा म्हणजे आमच्या गावात काय, हे त्या पोरीला कोण सांगणार? जन्मवार विचारतो तो देवरुषी, नाहीतर करणी करणारा. माणसं तो घरच्यांनाही सांगत नसत, कित्येकांना ठाऊकही नसायचा. दोन घरं सोडून पांडूआबा राहायचे. त्यांची म्हैस एकाएकी आटली. झालं, त्यांची सून दारात उभी राहून बोंब मारायला लागली, की बरमिणीनं काल दाराशी येऊन सासऱ्याचा वार विचारला आणि आज म्हशीनं दूध दिलं नाही. चार बायका गोळा झाल्या. एकीनं लिंबू सापडल्याचंही सांगितलं, कुठं सापडलं ते मात्र सांगितलं नाही. सोनाबाई घरातून निघाली ती पदर खोचून.

"वार कुणाचा इचारला?" तिनं विचारलं.

"मामंजींचा."

"आन आटली कोण?"

"म्हस."

"मग म्हशीचा वार इचारला हुता का तिनं?"

"सासऱ्याला काय झालं असंल तर सांगा, मी बगती," असं म्हणून सोनाबाई वळली. घरात आल्यावर पोरीला तिनं दम भरला, "पुन्यांदा कुणाचा वार इचारलास तर तंगडं मोडीन." मग माझ्या खोलीत आली, दार लोटलं आणि हळूच म्हणाली, "बाई, तिला खरंच काय येत न्हाई न्हवं?"

अशी ती दोघींची तऱ्हा. बाहेरच्यानं बोट दाखवलं की सोनाबाई वाघासारखी धावायची, आणि घरात आली की स्वतः चार बोटं दाखवायची. दुधाला पोरगी शिवत नसे. "ते वासराचं हाय," म्हणायची. सोनाबाईला वाटायचं, हिला माझ्या हातचं नको. सुकट मात्र तिला जीव की प्राण. कराडच्या बाजारातून सोनाबाई बोंबील आणायची आणि आपल्यालाच खावेसे वाटले म्हणून आणले, असं सांगायची.

दोन वर्षांनी हिवतापानं पुन्हा उचल खाल्ली आणि हवालदार वारला. शुद्धीवर असता तर काही बोलला असता की नाही, कोण जाणे. शेवटचे दिवस तो बरमीतच काहीबाही पुटपुटत होता.

आता ही पोर राहणार कुणाची? भावकी टपलेलीच होती. बरमीण जमिनीवर हक्क सांगणार, असं एक म्हणे. सोनाबाई आता तिला बाहेर काढणार, असं दुसरा म्हणे. सोनाबाईनं दोघांनाही काही सांगितलं नाही. तेराव्यानंतर माझ्याकडं आली आणि म्हणाली, "बाई, पोरगी गड्यावाणी बोलती. उद्या कुटं द्यायची म्हटली तर कोण घील? तिला बायामाणसाचं बोलणं शिकवा."

तेव्हापासून शाळा सुटली की तिन माझ्यासमोर बसायला लागली. दाराशी नाही, पाटावर. सोळा-सतरा वर्षांची झाली होती, लुगडं नेसायची, केस खांद्याखाली आले होते. हुशार होती. पण शिकायची इच्छा नव्हती. "आलो म्हटलं की माणसं वळून बगत्यात," ती मला म्हणाली. "आले म्हटलं की कोण बगत न्हाई." मला हसू आलं, आणि हसता हसता वाटलं की पोरगी म्हणते त्यात खोटं काही नाही. तरी मी शिकवत राहिले. मी येते, मी जाते, मी करते. ती तोंड वाकडं करून म्हणायची.

एके दिवशी म्हटलं, आता बायकांवरची वाक्यं कर. कोण काय करतं ते सांग. ती बोटं मोडत म्हणायला लागली. "बाई शिकवते. अगं भाकरी करते." सोनाबाईला ती अजून अगंच म्हणायची. "पांडूआबाची सून बोंबलते. आई वर भात लावते."

मी हलक्या आवाजात सांगितलं, "गेलेल्या माणसाबद्दल असं बोलत नाहीत, तिन. लावते नाही, लावायची म्हण."

"का?"

"अगं, आई तुझी गेली ना?"

"गेली. वर गेली." माझ्यासारख्या शिकल्यासवरल्या बाईला एवढंही कळू नये, असा तिचा चेहरा. "मोलमीनवरनं नदीनं वर मावशीचं गाव हाय. लढाई सुरू झाली म्हणून आई वर गेली. तितं भात लावते."

मी तिला पाटावरच बसून राहायला सांगितलं. मग उठून सोनाबाईच्या स्वयंपाकघरात गेले. ती भाकरी थापत होती. मी सांगितलं ते तिनं हात न थांबवता ऐकलं.

"वर गेली म्हंजी वरच की वं, बाई. दुसरं कुटलं वर?" ती म्हणाली. पण तव्यावरची भाकरी उलटायची राहिली आणि करपली. मग तिनं पोरीला हाक मारली.

"तुजी आई कुटं हाय?"

"वर."

"वर म्हंजी?"

"मावशीकडं."

"असं तुजा बा म्हणाला?"

पोरगी थांबली. मग तिनं पहिल्यांदाच आम्हाला ते सगळं सांगितलं. मोलमीनवर बॉम्ब पडायला लागले, तेव्हा हवालदारानं तिला ओळखीच्या लोकांबरोबर होडीनं पुढं पाठवलं. आई धक्क्यावर उभी होती. दोघं मागून येणार होती. बऱ्याच दिवसांनी मंडालेत बापानं तिला गाठलं, तेव्हा तो एकटाच होता. तिनं विचारलं, आई? तो म्हणाला, वर गेली. मावशीचं गाव वरच होतं, तिकडं जायचं झालं की घरात सगळे वर जायचं असंच म्हणायचे. तिनं आणखी विचारलं नाही. पुढं वाटेत कधी काढलं, तर तो म्हणायचा, लढाई संपू दे, बघू.

सोनाबाईनं तवा चुलीवरून उतरवला. मग सरळ म्हणाली, "पोरी, आमी आजवर धरून चाललोय की ती मेली."

तिन उठून उभी राहिली. "कोण म्हणालं?"

"तुजा बा म्हणाला. ह्याच दारात. तू पानी पीत हुतीस."

"ते मी ऐकलं. वर गेली म्हणाला."

"आमच्यात मेलेल्याला तसं म्हणत्यात."

"माझ्यात न्हाई म्हणत." तिचा आवाज चिरकला. "तू खोटं बोलतेस. मला ठेवून घ्यायला बोलतेस. आई मेली म्हटलं की मी जाणार न्हाई, म्हणून."

मी सोनाबाईच्या तोंडाकडं बघत होते. पोरीचा घाव अगदीच वाया गेला नव्हता, असं मला दिसलं.

त्यानंतर त्या घरात मेलेल्या हवालदाराची रोज उलटतपासणी व्हायची. मंडालेत भेटला तेव्हा तो रडला होता का? नाही. पोटभर जेवला होता, म्हणजे आई जिवंत असणार, असं तिन म्हणायची. "सोजीर, पलटणीतला माणूस," सोनाबाई म्हणायची. "बाईल मेली तरी जेवतोय." शेवटच्या तापात तो काय पुटपुटत होता? तिननं आठवून सांगितलं, तो बरमीत थांब, थांब म्हणत होता. आता थांब हे जिवंत माणसाला म्हटलं की मेलेल्याला? तिघींनी तीन उत्तरं दिली. हवालदारानं बायकोला एक आणि लेकीला एक अशा दोन ठिकाणी दोन गोष्टी सांगितल्या, की एकच शब्द बोलून ज्याला जे ऐकायचं ते ऐकू दिलं, हे मला आजही ठरवता येत नाही. मी त्याच्यावर फार रागावले होते. त्याला बोलता येत नव्हतं असंही नव्हतं.

लढाई संपली. मग बातमी आली, की तासगावकडचे एक बापूराव, ज्यांचं रंगूनला दुधाचं दुकान होतं, ते बायको-सुनेला घेऊन परत तिकडं निघालेत. मिरजेहून रेल्वेनं मद्रास, तिथून बोट. ही बातमी आणली सोनाबाईनंच. तिन तिच्याकडं बघत राहिली.

"आता घालवायला बगतेस व्हय?"

"व्हय," सोनाबाई म्हणाली. "तुजं तोंड बगून कटाळा आला."

गावानं हेच खरं धरलं. सवतीची पोर शेवटी घालवलीच, जमीन मोकळी केली, असं पाणवठ्यावर बोललं गेलं. सोनाबाईनं ते खोडून काढलं नाही. ती आधी एकटी तासगावला गेली, बापूरावांच्या घरी ओळखपाळख नसताना दिवसभर ठाण मांडून बसली, तिथंच जेवली आणि परत आली. "माणसं बरी हायती," तिनं मला सांगितलं. "सून पोटभर जेवती त्या घरात." तिनची तपासणी वेगळी. बापूराव ब वरून, म्हणजे उंदीर. ती जायला तयार होईना. मग कळलं, की त्यांच्या बायकोचं नाव तानूबाई. "नवरा उंदीर हाय, पण बायको नाग हाय," ती म्हणाली. "चालंल."

मिरजेला पोचवायला आम्ही दोघी गेलो. दुपारची वेळ, प्लॅटफॉर्मवर लष्करातून सुटून घरी निघालेल्या पोरांची गर्दी. तानूबाईनं खिडकीजवळची जागा तिला दिली होती. सोनाबाईनं भाकरी, चटणी, सुकटीचं गाठोडं आत दिलं आणि खिडकीचा गज धरून उभी राहिली. मी मनात म्हणत होते, आता तरी बोला.

"ऐक," ती एकदाची म्हणाली. "आई घावली तर तिच्यापाशीच ऱ्हा. तिला म्हणावं, तुझी पोरगी नीट सांभाळली हुती, काय कमी केलं न्हाई. आन न्हाईच घावली, तर तितं कुणाच्या दारात ऱ्हायचं न्हाई. त्याच पावली माघारी यायचं. हितं घर हाय."

तिननं तिच्याकडं टक लावून बघितलं. "तवा तू मला घरात घेशील?"

"घीन."

"कशावरून?"

सोनाबाईनं गजांतून हात आत घातला आणि पोरीच्या डोक्यावर ठेवला. "तुज्या गळ्याची आण," ती म्हणाली. आमच्याकडं आण घालतात ती पोटच्या पोराची. इतक्या वर्षांत सोनाबाईच्या तोंडून मी ती कधी ऐकली नव्हती, कारण घालायला तिला कुणी नव्हतंच. तिननं मान त्या हाताखालून काढून घेतली नाही, गार्डानं शिट्टी मारेपर्यंत.

गाडी हलली. बाकीच्या खिडक्यांतून हात हलत होते. तिन हात हलवत नव्हती. गजाला गाल टेकवून ती मागं बघत होती, डोळे बारीक करून, सोनाबाई आधी पाठ फिरवते का ते बघत होती. सोनाबाईला ते कळलं असावं. ती जागची हलली नाही. गाडी वळणाआड गेली, गर्दी पांगली, हमाल आमच्या अंगावरून गाडा नेऊ लागला, तरी ती तशीच उभी होती. मग पदरानं तोंड पुसून माझ्याकडं वळली.

"म्हंजी आता ती आली न्हाई तर बरं म्हणायचं," ती म्हणाली. "व्हय न्हवं, बाई?"

मी हो म्हटलं.